फळीवरचा दिवा

मोडेमचा तिसरा दिवा जितका वेळ विझलेला असायचा त्यापेक्षा किंचित जास्त वेळ लागलेला असायचा. ओतिलियाला हे विणताना कळलं होतं. दिवा लाल झाला की ताडाचं एक पातं दुसऱ्याखालून जाऊन पुरतं ओढून होई. विझला की बोट पुढच्या पात्यावर जेमतेम पोचे, तोवर तो परत लागे. टोपीचा माथा संपून कड सुरू झाली तरी त्याची लय बदलली नव्हती.

पावसाळ्याआधी हाच दिवा हिरवा आणि स्थिर असे. मग समोरच्या डोंगराची कड खचली आणि कंपनीचा मनोरा कलला. माणसं आली, वरची यंत्रं दोरानं खाली सोडली आणि ट्रकमध्ये घातली. परत कधी लावणार, असं गावप्रमुख तिबुर्सियोनं विचारलं तेव्हा त्यांच्यातला एक म्हणाला, "एवढ्याशा गावासाठी परवडत नाही, काका." लोखंडाचा सांगाडा तेवढा मागे राहिला. त्यावर आता गिधाडं बसत.

"बघत बसल्यानं हिरवा होणार आहे का तो?" नाबोर, तिचे सासरे, उंबऱ्यावर बसून कणसं सोलत होते.

"बघत नाही, आबा. विणतेय."

"मग मान वर कशाला?"

तिनं पुढचं पातं ओढलं. तो मोडेम आबांनीच टांगला होता. युकुसावी गावात हातातल्या फोनला कुठेच रेंज येत नसे, आणि मातीच्या भिंतीआड मोडेमलाही ती मिळत नसे. म्हणून त्यांनी पाइनची राळ वितळवून मोडेम बुडाकडून एका फळीला पक्का चिकटवला आणि फळी वळचणीला बांधली. डोंगरावरचं वारं कसलंही असो, तो हलत नसे. राळ हात सैल सोडून ओतली होती. ती बाजूंनी वर येऊन तिथेच मधासारखी गोठली होती.

मोडेम घेतला तो जत्रेच्या दिवशी, तिच्या नवऱ्यानं, फिदेन्सियोनं, उत्तरेतून पैसे पाठवले तेव्हा. ओतिलिया आणि तिची चुलत जाऊ चेन्चा, दोघींनी एकदमच घेतले. कंपनीच्या गाडीवाल्यानं दोन्ही डबे गाडीच्या बॉनेटवर उघडले, दोन्ही मोडेम लावून दाखवले, दिवे लागले तशी दोघी हसल्या, आणि त्यानं ते परत डब्यांत कोंबून दोघींच्या हातात दिले. फिदेन्सियो तेव्हा सीमेपलीकडे, नॉर्थ कॅरोलायनात नाताळच्या झाडांच्या मळ्यावर होता. अजूनही होता. त्याला जाऊन सात वर्षं झाली होती.

*

मका काढायला ती दोघंच होती. शेत उताराचं. ओतिलिया वरून सुरुवात करी, आबा खालून, आणि दुपारपर्यंत मधे कुठेतरी गाठ पडे. उजव्या तळव्यावर चामड्याच्या वादीनं बांधलेला लोखंडी खिळा कणसाच्या टोकात खुपसायचा, पाला फाडायचा, कणीस मुरगाळून पाठीवरच्या करंडीत टाकायचं. कपाळावरचा पट्टा करंडी भरत जाई तसा मागे ओढला जाई. नोव्हेंबरच्या थंडीत पाल्याच्या कडा पात्यासारख्या धारदार होतात. तिच्या बोटांच्या पेरांना बारीक चिरा पडल्या होत्या आणि त्यांत धूळ बसून त्या काळ्या झाल्या होत्या.

तिबुर्सियो बांधावर येऊन उभा राहिला. हातात टोपी होती. म्हणजे काम गावकीचं होतं.

"कणसं भरली आहेत यंदा," तो म्हणाला.

"बरी आहेत, काका."

"पुढच्या रविवारच्या पुढचा रविवार. सभा." त्यानं टोपी फिरवली. "पाण्याची काठी पुन्हा फिदेन्सियोच्या नावावर आली आहे."

पाण्याची काठी म्हणजे वर्षभर झऱ्याची टाकी साफ ठेवायची, नळाची वाट सांभाळायची, पाणी सोडायचं आणि अडवायचं. पगार नाही. गावातल्या प्रत्येक घराला पाळी येते, आणि ज्याच्या नावावर गावाची जमीन आहे त्यानं ती घ्यावीच लागते. फिदेन्सियोनं ती दोनदा पुढे ढकलली होती. दोन्ही वेळा सभेच्या खिडकीला मोडेमची फळी टांगली होती आणि त्यानं उत्तरेतून सगळ्यांसमोर सांगितलं होतं, पुढच्या वर्षी येतो. बाहेर असलेल्यानं स्वतःच्या तोंडानं, तोंड दाखवून सांगायचं, असा सभेचा ठराव होता. निरोप चालत नसे.

"तिसऱ्यांदा पुढे ढकलता येत नाही," तिबुर्सियो म्हणाला. "यायचं तर तारीख सांगायची. नाहीतर हे शेत गावाकडे परत."

"मोडेम बंद आहे, काका. मनोरा गेल्यापासून."

"ते मला माहीत आहे. पण सभेला त्याचं काय? सभा म्हणेल, उत्तर आलं नाही." त्यानं खाली बघितलं, आबा अजून लांब होते, तरी आवाज उतरवला. "मी मागच्या साली बोललो होतो तुला. बाया घेतायत आता काठी. तू का घेत नाहीस?"

मागच्या साली हे तो आबांसमोर बोलला होता. आबांनी तेव्हा हातातला मग खाली ठेवला आणि म्हणाले, माझा मुलगा जिवंत असताना या घरातली बाई काठी धरणार नाही. ओतिलिया तेव्हा टोपी विणत होती. तिनं विणणं थांबवलं नव्हतं.

"बघते," ती म्हणाली. तेव्हाही ती हेच म्हणाली होती.

*

दुसऱ्या कंपनीचा मनोरा खिंडीपलीकडे होता आणि त्याची रेंज वळचणीपर्यंत येत असणार; चेन्चाच्या भाच्यानं एकदा आपला मोडेम आणून बघितलं होतं. ओतिलियानं त्या कंपनीचं सिम घेतलं आणि घातलं. फोनवर पान उघडलं: हे उपकरण फक्त आमच्या कंपनीच्या सिमवर चालेल. कुलूप काढण्याचा कोड घाला. उरलेले प्रयत्न पाच.

शनिवारी ती टोप्या घेऊन बाजाराला गेली आणि सोबत मोडेमचा रिकामा डबाही नेला. सुक्या मिरच्यांच्या गल्लीमागे अबदियासचं दुकान होतं, अर्ध्या दरवाज्याएवढं. फोन आणि मोडेमची कुलपं काढून मिळतील, असं पुठ्ठ्यावर लिहिलेलं. अबदियास जाडा, हसरा, आणि मिरचीच्या धुरळ्यानं सतत शिंकणारा माणूस होता.

"फळीच आणायला हवी होती का?" तिनं विचारलं. "ती राळेनं चिकटवली आहे. वळचणीला बांधलेली आहे."

"राळेनं?" तो हसला. "सासऱ्यांनी का? माझ्याकडे एकजण कोंबडीच्या खुराड्यात बसवून घेऊन आला होता. कोंबडीसकट." त्यानं डबा उलटा केला, खालची चिठ्ठी बघितली. "नंबर आहे ना डब्यावर? मग झालं. प्रत्येक मोडेमचा एक नंबर असतो, त्या नंबरातूनच त्याचा कोड निघतो. दुसऱ्या कुणाचा कोड त्याला चालत नाही."

त्यानं नंबर आपल्या यंत्रात घातला, शिंकला, आणि कोड डब्याच्या झाकणावर लिहून दिला.

परतताना गाडी खिंडीत थांबते. तिथं फोनला रेंज असते. ती खाली उतरली, गाडी पुढे जाऊ दिली, आणि दगडाच्या आडोशाला बसून फिदेन्सियोला फोन लावला.

"कोड मिळाला," ती म्हणाली. "पुढच्या आठवड्यात रविवारी तुम्ही सभेला दिसाल. तिबुर्सियोकाका म्हणाले, या वेळी तारीख सांगायलाच लागेल."

पलीकडे यंत्राच्या करवतीचा आवाज होता, मग तो लांब गेला. "झाडं कापायचे दिवस आहेत, ओती. नाताळ तोंडावर आहे. दिवस उजाडायच्या आत ट्रक भरायचे असतात."

"सभा सकाळीच आहे. थोडाच वेळ."

"हो. लाव तू. मी उचलतो."

"तारखेचं काय सांगणार?"

"आं? आवाज तुटतोय तुझा."

"तारखेचं म्हणतेय मी."

"तुटतोय. वारं आहे का तिकडे? रविवारी बोलू."

वारं होतं. खिंडीत ते कायमच असतं. तिनं फोन शालीत गुंडाळला आणि उतरायला लागली. चालताना तिनं नवी टोपी सुरू केली.

*

कोड चुकला. उरलेले प्रयत्न चार.

"घाईनं दाबलंस," आबा म्हणाले. ते तिच्या मागे उभे राहून श्वास घेत होते.

तिनं झाकण भिंतीला टेकवून ठेवलं आणि एकेक आकडा बोटानं तपासत पुन्हा घातला. चुकला. उरलेले प्रयत्न तीन. दिवा लाल होता, लागत होता आणि विझत होता.

"राहू दे आता," ती म्हणाली. "शनिवारी अबदियासलाच विचारू. फळीच घेऊन जाऊ."

"शनिवारी? आणि रविवारी सभा?"

"हो."

आबांनी मान हलवली. फोन त्यांनी घराच्या कोनाड्यात, मेणबत्तीशेजारी ठेवला.

बुधवारी ती शेतातून एकटीच आली. आबांचे गुडघे दुखत होते म्हणून ते घरी राहिले होते. करंडी उतरवताना तिला ते वळचणीखाली दिसले. स्टुलावर उभे होते, एक हात फळीवर, दुसऱ्यात फोन, अगदी डोळ्यांजवळ धरलेला. खाली डब्याचं झाकण कुंडीला उभं करून ठेवलं होतं. ती आल्याचं त्यांना कळलं, पण ते लगेच उतरले नाहीत.

"मी नीट दाबले," ते म्हणाले. "एकेक आकडा. प्रत्येक वेळी पहिल्यापासून."

तिनं फोन त्यांच्या हातातून घेतला. पान तेच होतं, पण कोड घालायची चौकट त्यावर उरली नव्हती. खाली एक ओळ होती: यापुढे कोड स्वीकारला जाणार नाही.

"काय म्हणतं?"

"आता विचारत नाही ते."

"म्हणजे उघडलं?"

"नाही, आबा."

ते स्टुलावरून उतरले, एक पाय खाली आणि मग बऱ्याच वेळानं दुसरा. तिनं त्यांना हात दिला. त्यांचा तळवा कोरडा आणि गरम होता, आणि तो त्यांनी नेहमीपेक्षा जास्त वेळ तिच्या हातात ठेवला. मग ते चुलीपाशी जाऊन बसले आणि सोललेलीच कणसं पुन्हा चाचपत राहिले. तिनं घेवडा गरम केला, भाकरी केल्या. त्यांनी एकच खाल्ली. मीठ कमी आहे असं ते रोज म्हणायचे, त्या दिवशी म्हणाले नाहीत.

*

शनिवारी तिनं फळी शालीत बांधून पाठीवर घेतली, तान्हं मूल घेतात तशी. गाडीत एक बाई सरकून तिला जागा द्यायला लागली आणि मग फळीचं टोक बघून परत तिथेच बसली.

अबदियासनं फळी आडवी ठेवून वायर लावली. राळेत बुडालेली मोडेमची कड त्यानं नखानं टोकरून बघितली, पण बुडावरची चिठ्ठी राळेनं पूर्ण गिळली होती. मग त्यानं आपल्या यंत्रावर मोडेमचं आतलं पान उघडलं. त्याच्या तोंडावरचं हसू हळूहळू गेलं.

"बाई, हा डबा याचा नाही."

"माझाच आहे. जत्रेला घेतला तोच."

"डबा तुमचा असेल. पण याच्या पोटात नंबर वेगळा आहे. बघा." तिनं बघितलं. पहिले आकडे सारखे होते. शेवटचे नव्हते. "गाडीवाल्यानं अदलाबदल केली असणार. दोन एकदम घेतले होते का?"

तिला आठवलं: बॉनेट, दोन डबे, हसत असलेली चेन्चा.

"मग याचा खरा कोड?"

त्यानं खऱ्या नंबरातून कोड काढला. तो आला, स्वच्छ, आठ आकड्यांचा. त्यानं तो तिला दाखवला सुद्धा. "हा बरोबर आहे. पण घालायचा कुठे? पाचही संधी संपल्यात. आता हे कुणाचंच ऐकणार नाही." त्यानं फळी परत शालीत गुंडाळायला मदत केली. "मीच तुम्हाला फळी आणायला सांगायला हवं होतं. पण तुम्ही उरलेल्या वेळी थांबायला हवं होतं, बाई. लोक थांबत नाहीत."

"थांबत नाहीत," ती म्हणाली.

*

चेन्चा अंगणात कोंबड्यांना कोंडा टाकत होती. तिचा नवरा घरीच होता, यंदा पाण्याची काठी त्याच्याकडेच होती. त्याचे चिखलानं माखलेले बूट दाराशी होते. मोडेम तिच्याकडे खिडकीत होता, वर एक कुंडी ठेवलेली. त्याला तिनं कित्येक दिवसांत हात लावला नव्हता.

"काय गं, फळीशिवाय आलीस? पाठ मोकळी कशी तुझी?" ती म्हणाली. मग ओतिलियाचं तोंड बघून तिनं कोंड्याचं भांडं खाली ठेवलं.

ओतिलियानं सांगितलं. झाकण पुढे केलं. "हा आकडा तुझ्या मोडेमचा आहे. माझ्याकडे तुझा डबा आहे. उद्यापुरता दे. कुलूप निघेल त्याचं, नुकसान काही नाही."

"म्हणजे माझ्या मोडेमचं कुलूप तू काढून देणार, आणि वर मलाच मागतेस." चेन्चा हसली, पण कुंडी तिनं लगेच उचलली. "घेऊन जा. दोन वर्षं तुझ्या नवऱ्यानं पुढच्या वर्षी येतो म्हटलेलं मी त्याच सभेत बसून ऐकलंय. तिसऱ्या वेळेला नीट ऐकू येऊ दे सगळ्यांना."

"चेन्चा."

"काय चेन्चा? माझ्या माणसानं थंडीत टाकीत उतरून शेवाळ काढलंय. त्याच्या पायाची नखं बघ जाऊन." मग तिनं आवाज खाली आणला. "तू ने गं. मी तुला नाही बोलत."

ओतिलियानं तिथेच सिम घातलं आणि कोड घातला. पानानं काही विचारलं नाही, काही सांगितलं नाही. नुसतं पुढचं पान उघडलं. तिसरा दिवा लाल झाला, विझला, मग हिरवा लागला आणि तसाच राहिला.

घरी आबांनी जुना मोडेम राळेतून सुटतो का बघितलं. तो सुटेना. तेव्हा त्यांनी नवा त्याच्या शेजारी ताडाच्या दोरीनं बांधला. एका फळीवर दोन.

*

सभेची खोली भरली होती. पुरुष बाकांवर, बाया भिंतीलगत, विणणाऱ्यांच्या मांडीवर पांढरी पाती. बाहेर दव अजून गेलं नव्हतं आणि बोलताना प्रत्येकाच्या तोंडातून वाफ येत होती. ओतिलियानं फळी खिडकीच्या गजाला टांगली आणि फोन तिबुर्सियोच्या टेबलावर, पाण्याच्या तांब्याला टेकवून उभा केला. टेबलावर काठी आडवी ठेवली होती. वरच्या टोकाला हातांनी काळी आणि गुळगुळीत झालेली.

फिदेन्सियोनं दुसऱ्या रिंगला उचललं.

चित्र स्वच्छ होतं. त्याच्या टोपीवर, बाहीवर पाइनसारख्या झाडाच्या सुया अडकल्या होत्या. दाढी वाढली होती. मागे कापलेली झाडं जाळीत बांधून रचलेली दिसत होती.

"नमस्कार, गावकऱ्यांनो," तो म्हणाला. काही लोक हसले, काहींनी हात वर केले. "थंडी आहे का रे तिकडे?"

"तुझ्याएवढी नाही," कोणीतरी म्हणालं.

"टाकीला गळती लागली म्हणे. चेन्चावहिनी, दादानं बुजवली की नाही?"

"बुजवली," चेन्चा भिंतीपासून म्हणाली. "आता दुसऱ्यानं बघायची."

तो हसला. आबा पहिल्या बाकावर बसले होते, काठी आणि फोन यांच्या बरोबर समोर. त्यांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली होती.

तिबुर्सियो उभा राहिला. "फिदेन्सियो, तुझ्या नावावर पाण्याची काठी आली आहे. तिसऱ्यांदा. सभा विचारते, तू नव्या वर्षी येऊन ती घेणार की नाही? घेणार असशील तर तारीख सांग."

फिदेन्सियोनं डोकं जरा पुढे आणलं. "आं?"

"तारीख सांग म्हणतोय."

"आवाज तुटतोय, काका. काही कळत नाहीये."

तिबुर्सियोनं फोन हातात घेतला, तोंडाजवळ आणला आणि पुन्हा विचारलं, मोठ्यानं, एकेक शब्द सुटा करून.

"नाही येत आवाज. रेंज गेली असणार. तुमचं ते मोडेम जुनं झालंय."

ओतिलियानं खिडकीकडे बघितलं. एका मोडेमचा दिवा लाल होता, लागत आणि विझत. दुसऱ्याचा हिरवा होता. तो हलत नव्हता. मागे उत्तरेत कोणीतरी ट्रकचं दार लावलं, त्याचा आवाज सुद्धा टेबलावर स्वच्छ ऐकू आला. भिंतीलगतच्या बायांचे हात थांबले होते.

आबा उठले. त्यांना बाकाला धरून उठावं लागलं. ते फोनपाशी गेले आणि वाकले, आणि त्यांनी अगदी हळू विचारलं, घरात विचारतात तसं.

"बाळा, जेवलास का?"

"हो, आबा, सकाळी," फिदेन्सियो म्हणाला.

बाकांवर मागून कोणीतरी नाकातून हसलं, आणि दुसऱ्यानं त्याला गप्प केलं. फोनमध्ये फिदेन्सियोनं मान खाली घातली होती. त्याच्या टोपीवरच्या सुया तेवढ्या दिसत होत्या.

आबा वाकलेलेच राहिले. ते सरळ होत नव्हते, म्हणून ओतिलिया पुढे गेली आणि त्यांच्या कोपराला धरून त्यांना बाकावर बसवलं. त्यांनी टोपी गुडघ्यावर ठेवायला घेतली, ती खाली पडली. तिनं उचलून त्यांच्या हातात दिली. त्यांनी तिच्याकडे वर बघितलं आणि मग टोपीच्या कडेकडे. ती कड तिनंच विणलेली होती.

"ओतिलिया," तिबुर्सियो म्हणाला, "काय लिहायचं? उत्तर आलं नाही असं लिहू?"

ती टेबलाकडे वळली. बोटांच्या चिरा थंडीनं ठणकत होत्या. फोन अजून चालू होता आणि तिनं तो बंद केला नाही.

"उत्तर आलंय, काका," ती म्हणाली. "तो येणार नाही. काठी माझ्याकडे द्या."